टिकी: पूर्वज, देव की दारूचा मग? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी ऑकलंडमध्ये राहतो. इथे येऊन गेलेले नातेवाईक, त्यांचे शेजारी, शेजाऱ्यांची हवाईला फिरून आलेली मुलं असा सगळा गोतावळा मला टिकीचे फोटो पाठवतो आणि खाली तेच तेच प्रश्न विचारतो. दर वेळी नव्याने टंकायचा कंटाळा आला म्हणून उत्तरं एका जागी लिहून ठेवली आहेत. सोपे प्रश्न आधी, गुंत्याचे नंतर.

१. टिकी म्हणजे नेमकं काय? शोधायला गेलं की आलू टिक्की येते!

टिक्कीशी नातं नाही, टिकलीशीही नाही. टिकी म्हणजे माणसाच्या रूपातली कोरीव आकृती. ती लाकडातली, दगडातली, हाडातली किंवा हिरव्या पाउनामू दगडातली असते. शब्द पॉलिनेशियन भाषांमधला आहे. माओरी आणि मार्केसास बेटांच्या भाषेत टिकी, ताहितीत तिई, हवाईत किई. इतर बेटांवरचा ‘त’ हवाईत ‘क’ होतो. ‘तपू’चं तिथे ‘कपू’ झालं, तसंच हे.

माओरी कथांमध्ये टिकी हे पहिल्या माणसाचं नाव आहे. काही कथांत त्याला ताने या देवाने घडवलं, काहींत तू या देवाने. थोडक्यात, शब्दाच्या मुळाशी आपला सगळ्यांचा आद्य पुरुष बसलेला आहे.

पॉलिनेशिया म्हणजे प्रशांत महासागरातला एक प्रचंड त्रिकोण. उत्तरेला हवाई, नैर्ऋत्येला आओतेआरोआ (म्हणजे न्यूझीलंड) आणि आग्नेयेला रापा नुई (म्हणजे ईस्टर बेट).

२. ही देवाची मूर्ती आहे का? आपल्यासारखी पूजा करतात का?

कधी देवाची, कधी देवपदाला पोचलेल्या पूर्वजाची. ही सीमारेषा तिथे आपल्याला वाटते तितकी ठळक नाही. ज्यांच्या देव्हाऱ्यात कुलदैवताच्या टाकाशेजारी घराण्यातल्या पूर्वजाचाही टाक असतो, त्यांना हे चटकन कळेल. तुलना एवढ्यावरच थांबवतो, कारण पुढे ती लंगडी पडते.

कोरलेलं लाकूड आपोआप पवित्र होत नसे. पुरोहितांच्या मंत्रांनी, विधींनी त्यात ‘माना’ उतरावी लागे. माना म्हणजे सामर्थ्य, अधिकार, वंशातून आलेलं तेज, सगळं एकत्र. जिथे माना तिथे ‘तपू’, म्हणजे सोवळं म्हणा किंवा मज्जाव म्हणा. इंग्रजीतला ‘टॅबू’ तिथूनच उचलला आहे.

गंमत म्हणजे सगळ्यांत पवित्र वस्तू माणसासारखी दिसायलाच हवी असं नव्हतं. ताहिती आणि आसपासच्या बेटांवर ओरो या देवाचं रूप म्हणजे लाकडाचा दांडका, त्यावर नारळाच्या सुंभाची घट्ट वीण आणि लाल पिसं. त्याला ‘तोओ’ म्हणत. मोठ्या विधीत जुनं आवरण सोडून पिसांची देवघेव होई. राइआतेआ बेटावरचं तापुतापुआतेआ हे ओरोचं मोठं देवस्थान. २०१७ मध्ये ते युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत आलं.

३. खरी टिकी ओळखायची कशी?

‘खरी’ हा शब्द जरा बाजूला ठेवू (प्रश्न ११ पाहा). एकच एक ठरीव रूप नाही, बेटागणिक शैली बदलते.

मार्केसासची टिकी म्हणजे डोकं शरीराच्या मानाने फार मोठं, बटबटीत गोल डोळे, रुंद तोंड, गुडघे किंचित वाकलेले आणि दोन्ही हात पोटावर. डोकं मोठं, कारण माना तिथे वसते. हिवा ओआ बेटावर पुआमाऊ गावाजवळ इइपोना नावाची जागा आहे. तिथला ताकाईई हा दगडी पुतळा अडीच मीटरहून उंच आहे. तो एका योद्धा सरदाराचा समजला जातो. त्याला नाव आहे, घराणं आहे. हे लक्षात ठेवा, पुढे कामाला येईल.

हवाईतले किई जास्त आक्रमक. इंग्रजी आठच्या (8) आकड्यासारखं आ वासलेलं तोंड, दात, ताणलेले स्नायू, डोक्यावर उंच कोरलेला मुकुट. अमेरिकेतल्या बहुतेक बारमधली टिकी ह्यांचीच पुसट नक्कल असते. माओरी कोरीवकामात डोळ्यांच्या जागी ‘पावा’ नावाच्या शिंपल्याचे निळे-हिरवे तुकडे बसवतात आणि अंगभर वळणदार नक्षी असते.

४. ईस्टर बेटावरचे ते मोठे दगडी चेहरे पण टिकीच ना?

नाही. ते मोआई. नातं जवळचं आहे, कारण रापा नुईचे लोकही पॉलिनेशियनच आणि मोआईसुद्धा पूर्वजांचेच. पण नाव वेगळं, घडण वेगळी, परंपरा वेगळी. बारवाल्यांनी मोआईच्या आकाराचे मग काढले आणि दोन्हींची भेळ झाली.

उलट बाजूही सांगतो. सामोआ आणि टोंगा हे पॉलिनेशियाचे जुने बालेकिल्ले, पण मोठ्या कोरीव मूर्तींची परंपरा तिथे फारशी नव्हती. सामोआची शान गोंदणात आहे. ‘टॅटू’ हा शब्द ‘तताउ’वरून आला. बारच्या भिंतींवर लांब नाकाचे, कवड्या जडवलेले मुखवटे दिसतात ते बहुतेक न्यू गिनीचे असतात. न्यू गिनी मेलानेशियात येते, पॉलिनेशियात नाही. पंढरपूरची वस्तू म्हणून कथकलीचा मुखवटा विकण्यासारखं आहे हे.

५. जुन्या मूर्ती गेल्या कुठे? तिथे जाऊन तर नव्याच दिसतात.

जाळल्या, पुरल्या, फोडल्या किंवा जहाजांत घालून नेल्या.

हवाईची कहाणी मला सगळ्यांत चटका लावते, कारण तिथे पहिला घाव मिशनऱ्यांचा नव्हता. १८१९ मध्ये पहिला कामेहामेहा राजा वारला. त्याची लाडकी राणी काअहुमानू आणि नवा राजा लिहोलिहो यांनी कपूची सगळी व्यवस्थाच मोडली. कशी? राजा उघडपणे बायकांच्या पंगतीला जेवायला बसला. स्त्री-पुरुषांनी एकत्र जेवणं हा मोठा विटाळ होता. देव काही कोपला नाही. मग मंदिरं पाडा, किई जाळा, असे हुकूम सुटले. अमेरिकन मिशनरी १८२० मध्ये पोचले, तेव्हा मैदान बरंचसं मोकळं झालेलं होतं.

ताहितीत दुसरा पोमारे राजा ख्रिस्ती झाला. १८१५ च्या लढाईत तो जिंकला आणि मूर्तींची होळी झाली. रुरुतू बेटाच्या लोकांनी १८२१ मध्ये आपला ‘आआ’ हा देव लंडनच्या मिशनऱ्यांच्या हवाली केला. सव्वा मीटरहून थोडी कमी उंचीची ही लाकडी मूर्ती आहे. तिच्या अंगावर तीस छोट्या आकृती कोरलेल्या आहेत. तिचे डोळे, नाक, तोंड त्या आकृतींचंच बनलेलं, आणि पाठीला झाकण असलेली पोकळी. आज ती ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. पिकासोकडे तिची ओतीव प्रतिकृती होती.

हवाईच्या कू देवाचे मोठे लाकडी पुतळे तीनच उरले. एक होनोलुलूच्या बिशप म्युझियममध्ये, एक लंडनला, एक अमेरिकेतल्या सेलम गावी. २०१० मध्ये तिघे काही महिने होनोलुलूत एकत्र उभे होते, पुन्हा पांगण्यापुरते.

६. मग हे ‘टिकी बार’ प्रकरण कुणी काढलं? पॉलिनेशियन लोकांनी?

नाही हो. अर्नेस्ट गँट नावाच्या एका अमेरिकन भटक्याने.

अमेरिकेतली दारूबंदी डिसेंबर १९३३ मध्ये उठली. व्हिस्कीला मुरायला वर्षं लागतात, पण कॅरिबियन बेटांची रम मुबलक आणि स्वस्त होती. गँटने हॉलिवूडमध्ये एक चिमुकली जागा घेतली, आपल्या भटकंतीत जमवलेली जाळी, होड्यांचे तुकडे, बांबू असं सामान टांगलं आणि ‘डॉन द बीचकोंबर’ नावाने रम विकायला लागला. पुढे त्याने स्वतःचं नावही बदलून डॉन बीच करून घेतलं. त्याची ‘झोंबी’ ही कॉकटेल इतकी कडक की एका गिऱ्हाईकाला दोनच मिळत. पाककृती फुटू नयेत म्हणून मसाल्यांच्या बाटल्यांवर नुसते क्रमांक असायचे. बनवणाऱ्यालाही आत काय आहे ते कळत नसे. आणि बनवणारे बरेचसे फिलिपिनो होते. ह्या संस्कृतीचं श्रेय वाटताना त्यांना नेहमी विसरलं जातं. त्यांच्यापैकी रे ब्युएन याने १९६१ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये ‘टिकी-टी’ हा स्वतःचा बार उघडला.

दुसरा शिलेदार ओकलंडचा (कॅलिफोर्नियातलं हं, माझं ऑकलंड नव्हे!) व्हिक्टर बर्जरॉन. १९३४ मध्ये त्याने साधं खाणावळवजा हॉटेल काढलं. डॉनची जागा पाहून आल्यावर त्याचं रूपांतर झालं ‘ट्रेडर व्हिक्स’मध्ये.

महायुद्धानंतर घटस्फोट झालेल्या बायकोकडे अमेरिकेतले नावाचे हक्क राहिले, म्हणून डॉनने बस्तान हवाईला हलवलं. हवाई तेव्हा अमेरिकेचं राज्य नव्हतं, त्यामुळे नाव वापरता आलं. म्हणजे पॉलिनेशियाचा देखावा आधी हॉलिवूडमध्ये उभा राहिला आणि मग पॉलिनेशियात जाऊन पोचला. वाइकीकीत त्याचं कार्यालय होतं एका वडाच्या झाडावर.

७. माई ताई ही कॉकटेल तरी पॉलिनेशियन आहे ना? नाव तसंच वाटतं.

नाव ताहितीतलं, बाकी काही नाही. बर्जरॉनच्या सांगण्यानुसार १९४४ मध्ये त्याने जमैकाची जुनी रम, लिंबाचा रस, संत्र्याचं मद्य आणि बदामाचं सरबत एकत्र करून ताहितीहून आलेल्या मित्रांना दिलं. त्यांनी ‘माईताई रोआ आए’ म्हटलं, म्हणजे ‘फारच छान’. मूळ कल्पना आपली होती असा डॉनचा दावा होता. दोघे मरेपर्यंत तो वाद मिटला नाही. अननसाचा रस मूळ पाककृतीत नव्हता, तो हवाईच्या पर्यटक हॉटेलांनी घुसवला.

बेटांचं स्वतःचं पेय म्हणजे कावा (हवाईत ‘आवा’). मिरवेलीच्या कुळातल्या एका झुडपाची मुळं कुटून पाण्यात कालवतात. रंग गढूळ, चव मातीची, जीभ बधिर होते, मन शांत होतं. ह्यात मद्यार्क नसतो. पेल्यात खोचायच्या छोट्या छत्रीची तर बातच सोडा.

८. हे वेड इतकं का पसरलं आणि मग का ओसरलं?

युद्धामुळे. लाखो अमेरिकन तरुण प्रशांत महासागरात गेले आणि परत येताना चिखल, मलेरिया, मृत्यू मागे टाकून नारळाची झाडं तेवढी आठवणीत घेऊन आले. १९४७ मध्ये नॉर्वेच्या थोर हेयरडालने सहा जणांचा ‘कॉन-टिकी’ तराफा पेरूहून १०१ दिवसांत तुआमोतू बेटांपर्यंत नेला आणि ‘टिकी’ शब्द घरोघरी पोचला. (सिद्धांत मात्र बुडाला. पॉलिनेशियन लोक दक्षिण अमेरिकेतून आले असं त्याचं म्हणणं होतं. भाषा, पुरातत्त्व आणि जनुकं तिन्ही आशियाकडे बोट दाखवतात.) १९५९ मध्ये हवाई अमेरिकेचं पन्नासावं राज्य झालं, जेट विमानं सुरू झाली. १९६३ मध्ये डिस्नेलँडमध्ये गाणारे यांत्रिक पक्षी आणि टिकी यांचं दालन उघडलं. परसदारी बांबूचा बार, हातात चिनी मातीचा मग, हे मध्यमवर्गीय अमेरिकन घराचं लक्षण झालं.

मग व्हिएतनाम आलं. टीव्हीवर गवती छपरांची गावं जळताना दिसू लागल्यावर गवती छपराखाली बसून पिण्याची हौस फिटली. पोरांना आईबापांची आवड जुनाट वाटायला लागली हेही खरंच. १९९० च्या दशकात जुन्या मगांचे संग्राहक आणि विसरलेल्या पाककृती खणून काढणारे हौशी लोक यांनी ते पुन्हा वर काढलं.

अमेरिकेत वेड ओसरत होतं त्याच सत्तरच्या दशकात पॉलिनेशियात उलटं वारं सुटलं. १९७६ मध्ये ‘होकुलेआ’ ही दोन होड्या जोडून केलेली नाव हवाईहून ताहितीला गेली. होकायंत्राशिवाय, तारे आणि लाटा वाचत. वाटाड्या होता मायक्रोनेशियातल्या सातावाल बेटाचा माउ पियाइलुग, कारण हवाईत ती विद्या जाणणारा कुणी उरला नव्हता. एकीकडे नकली बेटं बंद पडत होती आणि खरी जागी होत होती, असं मला हे नेहमी दिसतं.

९. गवताचा घागरा, हवाइयन गिटार, अळूची मेजवानी: ह्यात खरं किती?

घागरा: हवाईत तो आजच्या किरिबातीच्या, म्हणजे गिल्बर्ट बेटांच्या मजुरांबरोबर आला. हवाईच्या बायका कापा (झाडाच्या सालीचं कापड) किंवा ‘ती’ नावाच्या वनस्पतीची पानं नेसत.

युकुलेले: १८७९ मध्ये मदेइराहून आलेल्या पोर्तुगीज मजुरांच्या वाद्यावरून.

हवाइयन गिटार: ही मात्र अस्सल तिथलीच. मांडीवर आडवी ठेवून तारांवर पोलादी कांडी सरकवायची युक्ती जोसेफ केकुकू या शाळकरी पोराची मानतात. आणि इथे आपला खराखुरा धागा जुळतो. ताउ मो हे गिटारवादक १९४० च्या दशकात कुटुंबासह कोलकात्यात राहिले. मींड काढता येते म्हटल्यावर आपल्या लोकांनी हे वाद्य सोडलंच नाही. मुंबईच्या चित्रपटसंगीतात व्हॅन शिप्ले यांनी ते वाजवलं आणि सिनेमाच्या चालींच्या तबकड्या काढल्या. शास्त्रीय संगीतात ब्रिजभूषण काबरा, विश्वमोहन भट्ट यांनी ते कुठल्या कुठे नेलं. आजोबांच्या रेडिओवर ऐकलेला तो लांबवलेला, रडवेला सूर हवाईचा होता.

मेजवानी: ‘लुआउ’ म्हणजे मुळात अळूची पानं. नारळाच्या दुधात शिजवलेल्या त्या भाजीवरून पंगतीलाच ते नाव पडलं. हवाईच्या कथेत अळू हा माणसाचा थोरला भाऊ आहे, हालोआ. तो आधी जन्मला, मातीत गेला, त्यातून अळू उगवलं. मग त्याच नावाचा धाकटा झाला, तो माणूस. इथे पहिल्यांदा हे ऐकलं तेव्हा मी आईला फोन करून सांगितलं. ती म्हणाली, “मग फदफदं करताना खाजरं निघालं तर थोरल्याचा राग समजायचा!” कोकण-गोव्यात ज्याची कापं तळतात तो नीरफणसही मूळचा त्याच बाजूचा, प्रशांत महासागराकडचा.

बारमधले ‘क्रॅब रंगून’ वगैरे पदार्थ मात्र कँटनी स्वयंपाकघरातून अमेरिकन जिभेसाठी काढलेले आहेत.

१०. टिकीच्या आकाराच्या मगात पिणं खरंच अपमानास्पद आहे का? की उगाच बाऊ करतात?

सगळ्यांत जास्त भांडणं ह्या प्रश्नावर होतात, म्हणून जरा सविस्तर.

‘पवित्र वस्तूचा बाजार’ हा नेहमीचा मुद्दा बाजूला ठेवा, त्यात एक नेमकी गोष्ट हरवते. माओरी रीतीत डोकं हे शरीरातलं सगळ्यांत तपू. अन्न मात्र ‘नोआ’, म्हणजे तपू उतरवणारं, रोजचं. दोन्हींची गाठ पडू द्यायची नाही. म्हणून इथे कुणाच्या डोक्यावरून ताट पुढे करत नाहीत, जेवणाच्या टेबलावर बसत नाहीत. आता मगाकडे बघा. पूर्वजाचं डोकं, आतून पोकळ केलेलं, त्यात पेय ओतलेलं आणि वर नळी खुपसलेली. ठरवून अपमान करायचा म्हटलं असतं तरी इतका नेमका जमला नसता. ज्यांनी केला त्यांना हे ठाऊक नव्हतं, हे मला पटतं. पण आपल्याला आता ठाऊक आहे.

दुसरी बाजूही आहे. मगावरचा चेहरा बहुतेक वेळा कुठल्याच बेटाचा नसतो, एखाद्या अमेरिकन चित्रकाराच्या डोक्यातून निघालेला असतो. सगळ्याच पॉलिनेशियन लोकांना राग येतो असंही नाही. माझ्या ओळखीत हसण्यावारी नेणारे आहेत, उठून जाणारेही आहेत. मी स्वतः त्यात पीत नाही. मात्र माई ताई साध्या पेल्यात घ्यायला माझी काही हरकत नाही, ती चांगलीच लागते.

११. ऑकलंडहून हिरवी हेई-टिकी आणायची आहे. स्वतःसाठी घेतली तर अशुभ म्हणतात?

हेई-टिकी म्हणजे गळ्यातली टिकी. ‘स्वतःसाठी विकत घ्यायची नाही’ हा पक्का नियम नाही. भेट म्हणून देण्या-घेण्याची सुंदर प्रथा आहे, तिचाच लोकांनी नियम केला. कुणी कोरली, दगड कुठला, हे मात्र विचारा. खरा पाउनामू दक्षिण बेटावर मिळतो आणि १९९७ च्या कायद्यानुसार त्याची मालकी न्गाई ताहू या माओरी वंशाकडे आहे. बाजारात परदेशी हिरव्या दगडाच्या प्रतीही भरपूर असतात. त्या घेऊ नका असं नाही, पण पाउनामूच्या किमतीत घेऊ नका.

जुन्या हेई-टिकी पिढ्यान्‌पिढ्या उतरत येतात. प्रत्येकीला नाव असतं, कुणाकुणाच्या गळ्यात होती ते पाठ असतं. काही पोखरून, घासून जुन्या दगडी पात्यांपासून केलेल्या आहेत, कारण लोखंड आल्यावर ती पाती रिकामी झाली. मार्केसासमध्ये आज कोरली जाणारी नवी टिकी ‘नकली’ का? कोरणारा तिथला, हात तिथला, वंशही तिथला. मी तिला नकली म्हणणार नाही.

आणि एक पेच: एके काळी एअर न्यूझीलंड प्रवाशांना प्लास्टिकच्या हिरव्या टिकी वाटायची. म्हणजे फक्त अमेरिकेकडे बोट दाखवून न्यूझीलंडवाल्यांना सुटता येत नाही. त्या प्लास्टिकच्या टिकी आज संग्रहालयात आहेत.

१२. गोव्यातल्या शॅकवर ‘टिकी बार’ पाटी पाहिली. ते काय?

अमेरिकन नकलेची नक्कल. बांबू आणि झापांचा शॅक ही किनाऱ्याची आपली गोष्ट आहे, तिला पाटीची गरज नव्हती. खरं नातं हवं तर बाजूला ओढून ठेवलेली होडी बघा. तिच्या एका अंगाला लाकडी उलांडी (तोल सांभाळणारा आडवा ओंडका) दिसेल. अशा उलांडीच्या नावा आग्नेय आशियातल्या दर्यावर्दी लोकांनी हिंदी महासागरात आणल्या असं बरेच अभ्यासक मानतात. त्याच भाषाकुळातले लोक पूर्वेला निघाले, तेच पुढे पॉलिनेशियन झाले.

१३. हवाईहून लाव्हाचा दगड आणि छोटी टिकी आणली. तेव्हापासून घरात कटकटी चालू आहेत. काय करू?

दोन्ही वस्तू वेगळ्या, म्हणून उत्तरंही दोन.

दुकानातून घेतलेली टिकी ठेवा. तिच्यावर कुठले विधी झालेले नाहीत (प्रश्न २ पाहा). बाथरूममध्ये किंवा चपलांच्या स्टँडवर तेवढी ठेवू नका.

दगड नेला की ज्वालामुखीची देवी पेले कोपते, हा शाप काही प्राचीन हवाईयन परंपरेतला नाही, पर्यटनाच्या काळातला आहे. तरीही तिथल्या ज्वालामुखी राष्ट्रीय उद्यानात दर वर्षी टपालाने दगड परत येतात, सोबत माफीच्या चिठ्ठ्यांसह. उद्यानातून दगड उचलणं मुळात बेकायदा आहे आणि परत आलेले दगड मूळ जागी ठेवता येत नाहीत, कारण कुठून उचलला हे कुणालाच ठाऊक नसतं. तुमचा तर म्हणे हॉटेलच्या वाहनतळातला आहे. कुंडीत ठेवा, अळू लावा.